रुपया मोडताना

मराठीत पैसा मोडावा लागतो. नोट मोडायची, रुपया मोडायचा, आणि मोडून हातात जे येते त्याचे नावही मोडच. न मोडलेला रुपया तो बंदा. भरवशाच्या माणसाला आपण ‘बंदा रुपया’ म्हणतो, ‘सुटे पैसे’ असे कौतुकाने कुणाला म्हणत नाही. मोडलेल्या पैशाला भाषेने जरा खालच्या पायरीवर बसवले आहे. पण बाजार चालतो तो मोडीवर. भाजीची जुडी, दिव्याचे तेल, तंबाखूची चिमूट, होडीचे भाडे, यांतले काहीही बंद्या रुपयाने घेता येत नसे. आजोबांच्या काळातला रुपया म्हणजे चार माणसांच्या घराचा कित्येक दिवसांचा बाजार. तो मोडून कोण देणार, किती कापून देणार आणि बदल्यात कुठल्या छापाची नाणी देणार, हा रोजचा प्रश्न होता. जुन्या चलनाची गोष्ट राजांच्या मुद्रांपासून सांगायची रीत आहे. मी ती या मोडण्याच्या जागेपासून सांगतो, आणि ती जागा म्हणून पनवेल निवडतो.

पनवेल का? आज पनवेलवरून माणसे जातात. द्रुतगती मार्गाच्या तोंडाशी एक चहा झाला की गाडी घाटाकडे. दोनशे वर्षांपूर्वी मात्र इथे प्रत्येकाला उतरावेच लागे. मुंबईहून निघालेला मचवा भरतीच्या पाण्याबरोबर खाडीत शिरून पनवेलच्या बंदराला लागे. इथे पाणी संपे आणि रस्ता सुरू होई. १८३० मध्ये बोरघाटातून गाडीरस्ता झाला, तोवर माल बैलांच्या पाठीवर जाई; नंतर बैलगाड्यांची रीघ लागली. पनवेलची गाड्यांची चाके प्रसिद्ध होती ती उगाच नव्हे. घाट चढायचा तर चाक आधी इथेच तपासून घ्यायचे. खालून मीठ, तांदूळ, सुकी मासळी, विलायती कापड. वरून कापूस, गूळ, डाळी. १८५२ मध्ये इथे नगरपालिका स्थापन झाली, म्हणजे गावाकडे तेव्हा कर गोळा करण्याइतका पैसा फिरत होता. त्याआधी तीन वर्षे, १८४९ मध्ये, बेने इस्रायलींनी आपले बेथ एल हे सिनेगॉग इथे उभारले होते. कोकणात त्यांना शनवार तेली म्हणत, कारण शनिवारी त्यांचा घाणा बंद. आगरी, कोळी, ब्राह्मण सावकार, गुजराती व्यापारी, मुसलमान, पारशी, तेली, सुतार, आणि डोंगरातून मोळी घेऊन उतरणारे ठाकूर-कातकरी. इतकी माणसे एका बाजारात, आणि त्यांच्या कमरेच्या कशात निरनिराळा पैसा.

पेशवाईच्या उत्तरार्धात ‘रुपया’ हे एका नाण्याचे नाव नव्हते, ते आडनावासारखे होते. पुण्याकडचा अंकुशी, नाशिककडचा चांदवडी, मुंबई-गुजरातेकडून येणारा सुरती. खाली आंग्र्यांच्या अलिबागेतही नाणी पडत. सगळे चांदीचेच, पण वजनात गुंजा-दोन गुंजांचा फरक, चांदीच्या कसात फरक, आणि वर्षानुवर्षे हाताळून झिजलेले ते वेगळेच. त्यामुळे देशावरचा गाडीवान पनवेलला उतरला आणि त्याने अंकुशी रुपया पुढे केला, की मुंबईच्या व्यापाऱ्याचा पहिला प्रश्न असे : बट्टा किती?

बट्टा म्हणजे एका नाण्याच्या बदल्यात दुसरे देताना कापायची रक्कम. ती ठरवणारा तो सराफ. आज सराफ म्हटले की सोन्याचे दुकान आठवते. तेव्हा सराफ म्हणजे गादी, लोखंडी पेटी, काटा, कसोटीचा दगड आणि कान. हो, कान. रुपया फरशीवर टाकला की त्याचा आवाज सांगे की आत तांब्याची भेसळ आहे की नाही. खरे नाणे खणखणीत वाजते ही म्हण नंतर माणसांना लागू झाली. आधी ती सराफाच्या कामाची पद्धत होती. सरकारी खजिन्यात हेच काम करणारा तो पोतदार. भाषेत पुढे काय झाले ते पाहा : पोतदार आणि टांकसाळे आडनावे झाली, आणि बट्टा कुळाला लागू लागला.

सराफाला दोष देणे सोपे आहे. पण तो नसता तर बंदरातला व्यवहार एक दिवसही चालला नसता. वेगवेगळे पैसे आणणाऱ्या माणसांच्या मधली जी शिवण असते, तिच्यावर तो बसलेला असे. शिवण उसवली तर कापड फाटते, हे खरे. आणि शिंपी फुकट शिवत नाही, हेही खरे. एवढेच की शिलाई सगळ्यांना सारखी पडत नव्हती. हजार रुपयांची हुंडी घेऊन येणाऱ्या व्यापाऱ्याला बट्टा ठाऊक असे, घासाघीस करायला वेळही असे. मोळी विकून एकुलते नाणे मिळवलेल्या बाईला दोन्ही नसे.

तिच्या हातात रुपया येतच नसे म्हणा. तिच्या हातात तांबे येई.

या तांब्याचे मराठी मुलखातले सर्वांत दीर्घायुषी नाव शिवराई. १६७४ मध्ये रायगडावर राज्याभिषेक झाला, तेव्हा सोन्याचा होन आणि तांब्याची शिवराई पाडण्यात आली. एका बाजूला ‘श्री राजा शिव’, दुसऱ्या बाजूला ‘छत्रपति’, कडेने ठिपक्यांचे वलय. वजन साधारण अकरा ते तेरा ग्रॅम, म्हणजे तळहातावर ठेवले की जाणवणारे. होन आज मोजकेच उरले आहेत. शिवराया मात्र जुन्या बाजारांत अजून पसाभर मिळतात. कारण ती एकट्या शिवकाळाची राहिलीच नाही. पुढच्या छत्रपतींनी ती पाडली. पेशवाईत टांकसाळीचे मक्ते दिले जात, तेव्हा मक्तेदारांनी पाडली. ठसे कोरणाऱ्याला अक्षर येत असेलच असे नव्हे. त्यामुळे ‘शिव’चा कुठे ‘शीव’ होतो, कुठे ‘सीव’, कुठे अक्षर ठशाबाहेरच जाते. शुद्धलेखनाचा आग्रह धरणाऱ्यांनी हे जरूर पाहावे : चुकीच्या वेलांटीने एकाही शिवराईची किंमत कमी झाली नाही. मराठी राज्य १८१८ मध्ये गेले, तरी त्यानंतर कित्येक दशके खेड्यापाड्यांच्या बाजारांत हीच शिवराई चालत राहिली. राजा बदलला हे सरकारी कागदाला लगेच कळते, भाजीवालीच्या टोपलीला फार उशिरा.

अर्धी शिवराई म्हणजे रुका. त्याखाली दमडीसारखी नावे येत, आणि त्यांचा भाव गावोगाव वेगळा. सगळ्यांत तळाशी कवडी. कवडी हे कुठल्याच राजाने पाडलेले नाणे नव्हे. मालदीवच्या समुद्रातून येणारा शिंपला. तिची नक्कल करता येत नाही, ती गंजत नाही, झिजली तरी कवडीच राहते, आणि तिच्यात वितळवण्यासारखे काही नाही म्हणून कुणी दडवून ठेवत नाही. लहान पैशाला याहून काय हवे? बाराव्या शतकात भास्कराचार्यांनी ‘लीलावती’ लिहिली, तिच्या आरंभीच कोष्टक आहे : वीस कवड्यांची एक काकिणी, चार काकिणींचा एक पण, सोळा पणांचा एक द्रम्म. गुणून पाहिले तर एका द्रम्माच्या १,२८० कवड्या. गणित शिकायला बसलेल्या मुलाने आधी पैसा मोडायला शिकावे, हा क्रम मला फार शहाणपणाचा वाटतो. त्यातला ‘सोळा’ हा आकडाही लक्षात ठेवा, तो पुढे पुन्हा भेटणार आहे. कवडी बाजारातून गेली आणि तुळजाभवानीच्या भक्तांच्या माळेत व बोलण्यात राहिली. कवडीमोल, कवडीचुंबक, फुटकी कवडी. ज्या चलनाने सर्वांत गरिबांचा संसार चालवला, त्याला भाषेने शिव्यांत जागा दिली.

कंपनी सरकारलाही हा तळाचा पैसा पुरवावा लागला. १७९१ मध्ये मुंबई इलाख्यासाठी तांब्याची नाणी थेट इंग्लंडात, बर्मिंगहॅमजवळच्या सोहोच्या यंत्रशाळेत पाडून घेतली गेली. एका बाजूला कंपनीची खूण, दुसऱ्या बाजूला तराजू आणि तराजूच्या पारड्यांच्या मधे फारसी लिपीत ‘अदल’, म्हणजे न्याय. पुढे १८३५ च्या कायद्याने सगळ्या कंपनी मुलखात एकच रुपया झाला : १८० ग्रेन वजनाचा, बारा भागांत अकरा भाग चांदी. त्यावर राजाचे तोंड होते, म्हणून लोकांनी त्याला चेहरेशाही म्हटले. नंतर आली ती राणीछाप. अंकुशी, चांदवडी हळूहळू वितळले. सराफाचा बट्टा संपायला हवा होता.

तो संपला नाही, कारण खालच्या शिवणी तशाच होत्या. खरे तर पनवेलच्या आसपास सर्वांत जास्त चालणारे चलन टांकसाळीत पडतच नव्हते. ते शेतात पिकत होते.

भाताची गोष्ट करतोय. कापणीला, झोडणीला आलेल्या माणसाला मजुरी पायलीने. कोळीण सुकट-बोंबलाची टोपली घेऊन आत, डोंगराकडच्या गावांत जाई आणि भात घेऊन परते. मिठागरावरच्या आगऱ्याच्या घरात मीठ होते, भात नव्हते; डोंगरातल्या घरात नाचणी होती, मीठ नव्हते. आणि खोताचा खंड? तोही खंडीने, म्हणजे भातात. कुलाब्याकडे पीक साधारण अर्धे खोताकडे जाई, आणि वर नाना तऱ्हांचे हक्क. या भाताच्या हिशेबाविरुद्धच अलिबागजवळच्या चरी गावात १९३३ मध्ये नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली कुळांनी जमीन कसायचेच थांबवले. तो संप सहा वर्षे चालला. सहा वर्षे पेरायचे नाही म्हणजे काय, हे कळायला शेतकरी असण्याची गरज नाही : भात हेच वेतन, भात हेच अन्न, भात हाच खंड, आणि तेच बंद. डॉ. आंबेडकरांनी या कुळांची बाजू घेतली, आणि १९३९ च्या कुळकायद्यामागे या संपाचे वजन होते.

भाताला एकच खोड. ते वर्षातून एकदा येते. रुपयाची किंमत आषाढात आणि मार्गशीर्षात जवळपास सारखी, भाताची नाही. समजा, आषाढात घरातले संपले म्हणून कुणी एक मण भात उचलले. तेव्हा भाव चढलेला, चार रुपये मण. सावकाराने वहीत चार रुपये मांडले. कापणीनंतर भाव उतरला, अडीच रुपये मण. चार रुपये फेडायला आता एक मण चोवीस शेर भात लागले. व्याजाचा शब्दही अजून निघालेला नाही. आणि कर्ज भातातच मांडले असेल तर सवाई किंवा दिढी : नेले एक मण, आणायचे सव्वा किंवा दीड. रोकड कर्जाला निदान दामदुपटीची मर्यादा होती, व्याज मुद्दलापुढे जाऊ नये म्हणून. भाताला सावकार रुपयाचे माप लावी आणि रुपयाला भाताचे, जे त्या दिवशी सोयीचे असेल ते. सराफाचा बट्टा निदान तोंडावर सांगितला जाई. हा बट्टा ऋतू बदलताना, कुणी न बोलता कापला जाई.

त्यात सरकारी सारा रोख रुपयात. भात पिकवणाऱ्याला वर्षातून एकदा चांदी लागायचीच, आणि ती सगळ्यांना एकाच वेळी लागे. म्हणून भात स्वस्त असतानाच विकले जाई. पनवेलच्या व्यापाऱ्यांच्या वखारी भरत त्या त्याच दिवसांत.

याच शिवणीवर १८७९ मध्ये बंदुका चालल्या. वासुदेव बळवंत फडके पनवेलजवळच्या शिरढोणचे, जन्म १८४५ चा. पुण्यात लष्कराच्या हिशेब खात्यात कारकून होते; म्हणजे रुपया कुठून येतो आणि कुठे जातो हे या माणसाने रोज कागदावर पाहिलेले. इंग्रज सरकारविरुद्धच्या त्यांच्या बंडातला दौलतराव नाईक रामोशी मे १८७९ मध्ये घाट उतरून पळस्पे आणि चिखली इथे आला आणि त्याने मोठी लूट केली. ती सुमारे दीड लाख रुपयांची सांगितली जाते. आता हा आकडा जुन्या पद्धतीने मांडून पाहू. रुपयाचे वजन एक तोळा. ऐंशी तोळ्यांचा शेर, चाळीस शेरांचा मण. दीड लाख रुपये नुसत्या चांदीच्या नाण्यांत म्हटले तर १,८७५ शेर, म्हणजे ४७ मणांच्या आसपास. अर्थात लुटीत दागिने असणार, सोने असणार, नुसती नाणी नसणार. तरी घाटावर परतताना हे वजन पायांना बांधलेले होतेच. सरकारी फौजेतल्या मेजर डॅनियलच्या तुकडीने गाठले आणि नाईक मारला गेला. आज पळस्पे फाट्यावर पुण्याची आणि गोव्याची वाट वेगळी होते. ट्रकवाले चहाला थांबतात. पनवेलच्या पाठीवरच्या दोन खेड्यांत एवढे द्रव्य साठले होते, यावर इतिहासाच्या पुस्तकांत फारसे कुणी थांबत नाही. मला मात्र बंडाइतकेच नवल त्या साठ्याचे वाटते.

वर रुपयाचे वजन आले, त्याबद्दल थोडे. रुपया म्हणजे एक तोळा, हे फार सोयीचे होते. दुकानात वजने कमी पडली की पारड्यात रुपये टाकायचे. एकच वस्तू पैसाही आणि मापही. या दोन कोष्टकांची सांगड घालणारी एक सुरेख युक्ती जुन्या शाळांत शिकवत : मणाचा भाव जितके रुपये, अडीच शेरांची किंमत तितकेच आणे. चाळीस शेरांचा मण, सोळा आण्यांचा रुपया. चाळीसला सोळाने भागा, अडीच येतात. पाटीपेन्सिल नको, कॅल्क्युलेटर नको. तांदूळ पाच रुपये मण असेल तर अडीच शेर पाच आण्यांना, सव्वा शेर अडीच आण्यांना. पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी ही अपूर्णांकांची पाढ्यांची माळ मुलांकडून घोकून घेत, ती याचसाठी. औटकी म्हणजे साडेतीनचा पाढा. दशमान पद्धतीत वाढलेल्यांना हे छळ वाटते. पण सोळाला चारदा अर्धे करता येते, हातात अपूर्णांक न उरता, दहाला एकदाच. बाजारात माणूस अर्धे आणि पाव मागतो, दशांश मागत नाही. वहीतही तेच : रुपयाच्या आकड्यापुढे एक उभा दंड म्हणजे पावली, दोन दंड म्हणजे अधेली, तीन म्हणजे बारा आणे.

आणा, त्याचे चार पैसे, पैशाच्या तीन पै. दोन आण्यांची चवली, चार आण्यांची पावली, आठ आण्यांची अधेली. अर्ध्या आण्याचा जाडजूड तांब्याचा तो ढब्बू पैसा. त्याच्या जाडपणाचा वारस आता भाजीबाजारात ढब्बू मिरची म्हणून बसला आहे.

या ढब्बूचा एक हिशेब पनवेल-उरणच्या मिठागरांनी फार जवळून पाहिला. १९३० मध्ये मिठावरचा कर मणाला सव्वा रुपया होता. दिल्ली-सिमल्याच्या कागदावर तो असा दिसे : एक रुपया चार आणे. आता मोडा. सव्वा रुपयाचे वीस आणे, मणाचे चाळीस शेर. म्हणजे शेराला अर्धा आणा. शेरभर मीठ घेताना प्रत्येक बाई नुसत्या कराचा एक ढब्बू पैसा ठेवत होती, आणि ज्या आगरात ते मीठ पिकले, ते तिच्या नवऱ्याच्या घामाचे. गांधीजींनी लढ्यासाठी मीठ निवडले तेव्हा सुशिक्षितांतले पुष्कळ जण हसले होते. त्यांनी कराचा रुपया मोडून पाहिला नव्हता. मीठ आणि जकात यांचे राजकारण कोकणाला नवे नव्हतेच. १६७१ मध्ये शिवाजी महाराजांनी आपल्या सुभेदाराला पत्र लिहून पोर्तुगीजांच्या ताब्यातल्या बारदेशच्या मिठावर जबर जकात बसवायला सांगितले होते, कारण ते स्वस्त पडू लागले तर आपल्या मुलखातल्या मिठाचा व्यापार बुडेल. तिथे जकात आगर वाचवायला होती, इथे कर आगरावरच होता.

मोड मिळेनाशी होते ती युद्धात. पहिल्या महायुद्धात चांदी महागली, लोक रुपये दडवू लागले, तेव्हा १९१७ मध्ये एक रुपयाची कागदी नोट आली आणि १९१८ च्या आरंभी चक्क अडीच रुपयांची. दोन रुपये आठ आणे, नोटेवर छापलेले. दुसऱ्या महायुद्धात पाळी तांब्याची. १९४३ पासून मध्यभागी भोक पाडलेला पैसा आला. तांबे वाचवायचे होते. भोकाचा पैसा मुलांनी दोऱ्यात ओवला, आणि कारागीर तो चक्क वायसर म्हणून वापरतात अशी बोलवा झाली. १९४० मध्ये रुपयातली चांदी निम्म्यावर आली, १९४७ मध्ये रुपया निकेलचा झाला. सराफाचा कान निरुपयोगी झाला तो इथे. आता नाणे कसेही वाजो, त्यावर लिहिलेय ते खरे.

१ एप्रिल १९५७ ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले. सोळाच्या जागी शंभर. पावली पंचवीसला आणि अधेली पन्नासला नीट बसली, पण आणा बसेना. एका आण्याचे सव्वासहा नवे पैसे. वरचा पाव पैसा कुठून आणायचा? सरकारी तक्त्याने आण्याला सहा ठरवले, दोन आण्यांना बारा, तीन आण्यांना एकोणीस. म्हणजे चार वेळा एकेक आणा मोडून घेणाऱ्याला चोवीस मिळत आणि एकदम पावली मोडणाऱ्याला पंचवीस. पुन्हा तोच न्याय. थोडे थोडे घेणाऱ्याचा पैसा शिवणीत गेला. ‘नया’ हे बिरुद १९६४ मध्ये गळाले, पैसा नुसता पैसा राहिला. पण बोलण्यातला आणा गेला नाही. पंचवीस पैशांना चार आणे आणि पन्नासला आठ आणे माझ्या पिढीनेही म्हटले, आणि आम्ही आणा पाहिलाही नव्हता.

देवघरांत हे सगळे थर एकत्र सापडतात. आमच्याकडच्या देव्हाऱ्याच्या खणात दोन शिवराया, एक राणीछाप, एक भोकाचा पैसा आणि दोन-चार कवड्या एकाच डबीत आहेत, हळदकुंकवाने माखलेल्या. दागिन्यांतही तसेच. पुतळ्यांची माळ आपण अस्सल मराठी मानतो. तिची पुतळी हे मुळात व्हेनिसचे सोन्याचे नाणे, त्यावरच्या माणसांच्या आकृत्यांमुळे पुतळी म्हटले गेलेले. समुद्रावरून व्यापारात आले आणि इथल्या गळ्यात राहिले. आणि दक्षिणा सव्वा रुपया. त्या सव्वातला पाव फार महत्त्वाचा. तो म्हणजे ‘संपले नाही, पुढे आहे’. पण ३० जून २०११ पासून पंचवीस पैसे चलनातून गेले. म्हणजे गेली कित्येक वर्षे सव्वा रुपया ही रक्कम भारतात नाण्यांनी देताच येत नाही. गुरुजींनी तोडगा काढला, अकरा किंवा एकवीस. पाव गेला, वरचा एक राहिला.

नोव्हेंबर २०१६ मध्ये पाचशे आणि हजारच्या नोटा रद्द झाल्या, आणि हातात आली दोन हजारांची. पनवेलच्या उरण नाक्यावरच्या बाजारात तेव्हा जे चित्र होते ते अंकुशी रुपयाच्या काळातल्या कुणालाही ओळखीचे वाटले असते : गिऱ्हाईक आहे, माल आहे, पैसा आहे, आणि मोड नाही. चाळीस रुपयांच्या कोलंबीसाठी दोन हजार कोण मोडणार? ओळखीच्यांची उधारी वहीत गेली, अनोळखी तसेच परतले. आता मासळीच्या टोपलीलाही चौकोनी काळीपांढरी नक्षी चिकटवलेली असते, तीवर फोन धरला की सदतीस रुपयेही अचूक जातात. मोडायचे काही उरलेच नाही. एवढेच की अजून कातकरी वाडीतली बाई करवंदांचे द्रोण घेऊन बसते, आणि तिला रोखच हवे असतात.

पनवेलकर आजही एक जुने नाणे रोज तोंडात घेतात, त्यांना ते जाणवत नाही इतकेच. या पट्ट्यात ‘साडेबारा टक्के’ म्हटले की पुढे काही सांगावे लागत नाही. १९७० नंतर नव्या मुंबईसाठी इथली शेते आणि मिठागरे गेली. १९८४ च्या जानेवारीत दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखालच्या आंदोलनात जासई परिसरात गोळीबार झाला, पाच माणसे गेली. आणि त्यानंतर संपादित जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड परत द्यायची योजना आली. टक्का हा शब्द ‘टका’ या जुन्या नाण्यापासून आला आहे. शंभरात साडेबारा म्हणजे सोळा आण्यांत किती? बरोबर दोन आणे, एक चवली. त्यातूनही रस्ते आणि सार्वजनिक सोयींसाठी तीस टक्के कापले जातात. साडेबारातले पावणेचार गेले, पावणेनऊ उरले. जुन्या वहीत मांडायचे तर एका रुपयाच्या जमिनीमागे एक आणा आणि पाच पैंहून जरा कमी.

वहीच्या भाषेत, बट्टा वजा जाता.